एकेका ठोक्यापुरतं

आमच्या जगात काळ आपोआप सरत नाही. जमिनीच्या पोटातून ठोका येतो, तेव्हाच एक मिनिट पुढे जातं. आजारी बाबांकडे तासभरच उरला, म्हणून मी त्यांना ठोका न पोहोचणाऱ्या शिशाच्या खोलीत निजवलं. काळ थांबल्याची खूण म्हणून उशाशी वाफाळता चहा ठेवला, दार लावलं आणि किल्ली आईकडे दिली. नऊ वर्षांनी आज औषध तयार झालं. धावत घरी आले, आईकडून किल्ली घेऊन दार उघडलं. चहा गार होता; वर जाड साय धरली होती. “आई, दार उघडलं होतंस?” “एकेका ठोक्यापुरतं गं. करमायचं नाही. तेवढ्यात ते ‘चहा घेतलास का’ विचारायचे.” “किती वेळा?” “मी काय तुझ्यासारखी मोजत बसते?” ती त्यांचं पांघरूण नीट करू लागली. “गेल्या खेपेला मात्र काहीच बोलले नाहीत. तू उशीर केलास म्हणून रुसलेत.”