आधी ओळखपत्र

कॅमेरा सुरू झाला आणि सवयीनं माझ्या तोंडून निघून गेलं, "ओळखपत्र दाखवा. पूर्ण नाव, वय सांगा. आणि स्वखुशीनं आलात ना?"

आणि समोर कोण, तर माझी आई!

परदेशात मी बारा वर्षं प्रौढांच्या सिनेमांत काम केलं. तिथं प्रत्येक शूटिंगआधी कॅमेऱ्यासमोर हे प्रश्न विचारतातच. आता मी स्वतःवरच माहितीपट करत होते, आणि ती सगळी वर्षं माझ्याशी अबोला धरलेली आई इचलकरंजीहून मुलाखतीला आली होती.

मी जीभ चावली. कॅमेऱ्यामागची मैत्रीण तोंड दाबून हसत होती.

"हसताय काय? नियम म्हणजे नियम," असं म्हणत आईनं पर्स टेबलावर उपडी केली. गोळ्या, रुमाल, एसटीचं तिकीट आणि शेवटी आधार कार्ड. ते तिनं हनुवटीखाली धरलं. "फोटो भयंकर आलाय, तिकडं बघू नका."

आता मलाही हसू फुटलं, काही केल्या आवरेना. आई मात्र ताठ बसून कॅमेऱ्यात बघत होती.

"कुमुदिनी वसंत हुपरीकर. वय एकाहत्तर. हिची आई." मग ती माझ्याकडे वळली. "स्वखुशीनं."