पुस्तकाबाहेरची रात्र

सकाळी भिंगरीने पुस्तक उघडलं आणि नेमकं मधलं पान कोरं निघालं.

बाकीची पानं रोजच्यासारखीच वागली. पान उलटलं की शाई हलायची, चित्रातला पंख कागदावरून सुटायचा, आणि बघता बघता अख्खा पक्षी भुर्रकन खिडकीबाहेर जायचा. जगातले सगळे पक्षी या एका पुस्तकात रात्र काढायचे. बगळ्यांचं पान उघडलं की असा वारा सुटायचा की भिंगरीची वेणी उडायची. जन्मापासून बघत आली होती, तरी रोज अंगावर काटा यायचा. आज मात्र ती ते कोरं पान पुन्हापुन्हा उलटून बघत राहिली. मधलं पान निळ्या टोपीच्या जोडीचं होतं.

तिची आई पुस्तकाची राखणदारीण. आयुष्यभर तिने हे काम डोळ्यांत तेल घालून केलं होतं आणि कालच पहिल्यांदा लेकीच्या हाती सोपवलं होतं. काम तसं सोपं. दिवे लागायच्या वेळी एकेक पान उघडायचं, त्या पानाचे पक्षी येऊन निजायचे, मग पुढचं पान. दिवा जवळ नेला की पक्षी बिचकतात, म्हणून घराण्याची रीत अशी की पानावर अलगद तळवा ठेवायचा. ऊब लागली म्हणजे पक्षी आला. भिंगरीनेही तेच केलं होतं. फक्त दुपारी पश्चिमेची खिडकी लावायची राहिली, आणि मधोमध उघडं पडलेलं ते पान दिवस मावळेपर्यंत उन्हात तापत राहिलं. तिला ऊब लागली, तिने पान उलटलं. पानावर पक्षी नाही, नुसतं ऊन येऊन निजलंय, हे घाईत तिला कळलंच नाही.

आई ओरडली असती तर बरं झालं असतं. ती नुसती खाली बसली. पुस्तकाबाहेर रात्र काढली की पक्षी मरतो, हे दूधपित्या पोरालाही ठाऊक होतं. आणि मेलेल्या पक्ष्याच्या जागी दुसरा येत नसतो. म्हातारं पाखरू एखाद्या सकाळी उठत नाही, त्याचं चित्र फिकं होत जातं, पान कोरं होतं आणि कोरंच राहतं. आईच्या आजीच्या काळी पुस्तक गजबजलेलं होतं म्हणे. आता चित्रांपेक्षा कोरी पानंच जास्त झाली होती. निळ्या टोपीची तर ही एकच जोडी उरली होती. भिंगरीला धरणी पोटात घेईल तर बरं असं झालं.

निदान देह तरी सापडावेत म्हणून ती आठवडाभर गल्ली न् गल्ली हिंडली. भट्टीवाल्याचं धुराडं बघितलं, सुताराचा भुसा उपसला. शेवटी एके दिवशी दमून घरी आली, तर काखेत कळसा आणि गावाला वळसा. दोघंही तिच्याच छपराच्या पन्हळीत होती. जिवंत.

आई शिडीवरून जाळी घेऊन चढली. मादी काड्या, दोरे आणि भिंगरीच्या जुन्या शालीची लोकर गोळा करून त्यावर बसली होती. आईने हात पुढे केला. इतकी वर्षं जी तिच्या खांद्यावर येऊन बसायची, तिने बोटाला रक्त येईपर्यंत चोच मारली. क्षणभर उठली, तेव्हा खाली एक गुळगुळीत, फिकट निळा खडा दिसला. दोघींनी असलं काही उभ्या जन्मात पाहिलं नव्हतं.

"बिचारी भ्रमिष्ट झाली," आई म्हणाली. "दगडाला कवटाळून बसलीय. मरू दे तिला शांतपणे."

पण ती मरेना. नर चोचीत किडे आणून तिला भरवायचा, ती हूं की चूं न करता बसून राहायची. आई रोज सकाळी देह उचलायला म्हणून चढायची आणि रिकाम्या हाताने उतरायची. पुढे पुढे तर ती दुपारीही वर जाऊ लागली. गावात बोभाटा झाला होता, लोक येऊन चार शब्द सुनावून जायचे, पण आईचं लक्षच नसायचं.

एका दुपारी तिने वरूनच भिंगरीला हाक मारली. भिंगरी धावत चढली. खड्याला तडा गेला होता. आतून कुणीतरी ठोकत होतं.

दोघी शिडीवर एकमेकींना धरून उभ्या राहिल्या. तडा वाढला, एक टवका उडाला, आणि आतून ओलं, उघडंनागडं, डोळे मिटलेलं काहीतरी बाहेर पडलं. रूपाच्या नावाने आनंदच होता. पण त्याने मान वर केली, चोच उघडली आणि बारीकसा आवाज काढला. भिंगरीच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहू लागलं. का, ते तिलाही सांगता आलं नसतं.

"हा कुठल्या पानावरचा?" आईने विचारलं.

"कुठल्याच नाही."

नर किडा घेऊन आला. त्याने तो मादीला दिला नाही, त्या इवल्याशा चोचीत घातला. आई बघत राहिली. पणजीपासूनच्या सगळ्या संध्याकाळी तिच्या डोळ्यांपुढून गेल्या असाव्यात.

"आणि आम्ही यांना रोज रात्री पुस्तकात मिटून ठेवलं..." ती म्हणाली.

ती शिडी उतरली आणि सरळ आतल्या खोलीत गेली. भिंगरी तिच्या मागोमाग. पुस्तक मधोमध उघडं होतं, एकही चित्र नसलेलं, पांढरंशुभ्र. जगातले सगळे पक्षी बाहेर होते, आणि आईने भर दुपारी पुस्तक मिटून त्याला कुलूप घातलं.