सोळा एमबीचं कार्ड

माझे वडील, नाना, भुसावळला इंजिन ड्रायव्हर होते. सत्त्याण्णव साली एका फाटकात एक बाई त्यांच्या गाडीखाली आली. ब्रेक मारूनही गाडी अर्धा किलोमीटर पुढे गेली होती. नानांनी मुदतीआधीच नोकरी सोडली. त्या दिवसाबद्दल घरात कोणी कधी बोललं नाही.

दोन वर्षांनी मी कॉम्प्युटर घेतला. त्यात रेल्वे चालवायचा एक गेम होता. नाना रोज दुपारी तोच खेळायचे. आमच्या ग्राफिक्स कार्डाची मेमरी चारच एमबी होती. फाटक जवळ आलं की घरं, झाडं, माणसं एकदम पडद्यावर यायची, कार्डाला ते पेलायचं नाही आणि चित्र तिथंच थिजायचं. नाना मांडीवर हात ठेवून त्या थांबलेल्या गाडीकडे बघत बसायचे. मला ते बघवेना.

मी जळगावहून सोळा एमबीचं कार्ड आणून बसवलं. नाना खेळायला बसले. गाडी कुठंही न अडखळता फाटकातून सरळ निघून गेली.

नाना खुर्चीवरून उठले.



"भाऊ, जुनंच कार्ड बसव. त्याच्यात गाडी फाटकाच्या अलीकडे थांबायची."