लळा

राष्ट्रीय बालसंगोपन मंडळातल्या अधिकारीबाईंची दोन वर्षांची लेक मंडळाच्याच पाळणाघरात असायची. संध्याकाळी बाई न्यायला गेल्या की ती तिथल्या ताईच्या गळ्याला घट्ट मिठी मारून भोकाड पसरायची.

"लळा लागलाय हो पोरीला," ताई हसून म्हणायची, आणि बाईंचा नुसता जळफळाट व्हायचा.

शेवटी, या ताईला इथून हलवायचंच, असा चंग बांधून बाईंनी तिची फाइल मागवली. आत ताईचाच गेल्या वर्षीचा अर्ज होता : "माझी मुलगी शेजारणीला आई म्हणू लागली आहे. कृपया घराजवळच्या पाळणाघरात बदली मिळावी."



त्यावर शेरा होता, "कारण क्षुल्लक. नामंजूर." आणि खाली बाईंचीच सही.