सोळा वर्षांची उडी

मंगळवारी सकाळी दहा वाजून चाळीस मिनिटांनी सहादेवच्या टाचा विहिरीच्या कठड्याशी दिसल्या. तो विहिरीत पडायला लागला त्याला सोळा वर्षं तीन महिने झाले होते.

बघायला पाचसहाशे माणसं जमली होती. सहादेवची बायको सविता सगळ्यांत पुढं, क्रेनला खेटून उभी होती. तिच्या मागं तिची सासू रंगुबाई.

"आता इचार त्याला," रंगुबाई म्हणाली. "समद्यांदेखत इचार. कशापायी उडी मारली माझ्या लेकानं."

"त्याच्यासाठीच तर हुबी हाय, आत्याबाई."

उडी मारली याबद्दल गावाला शंका नव्हती. पाय घसरलेला माणूस हातपाय झाडत पडतो. सहादेव डोकं खाली, दोन्ही हात पुढं ताणून निघाला होता. त्या सकाळी भाकरी करपल्यावरून नवराबायकोचं वाजलं होतं. शेजारणीनं ते ऐकलं होतं. तेवढं पुरलं. सविता ना सवाष्ण ठरली, ना विधवा. हळदीकुंकवाला तिला कोणी बोलावत नसे. नवऱ्याला विहीर दाखवणारी बाई, अशीच तिची ओळख पोरीबाळींना करून दिली जाई.

संगमनेरच्या कॉलेजात पदार्थविज्ञान शिकवणारे ओंकार सर तिसऱ्या वर्षी आले. त्यांचा सिद्धांत असा: काळ हे चौथं परिमाण आहे हे खरं, पण त्याला वजनही असतं. तो सखल जागी उतरतो आणि साचतो. जामखेड तालुक्याच्या या टोकाला विहिरींचं पाणी आटत गेलं, तसतशी रिकामी झालेली जागा काळानं भरली. "वर तो पाण्यासारखा, मधे तेलासारखा, खाली काकवीसारखा," सर सांगत. सहादेव काकवीत होता. वर्षाला एक हात, या वेगानं पडत होता. त्याच्या लेखी उडी मारून दोन सेकंदही झाले नव्हते.

सिद्धांत गावाला लगेच पटला, कारण तो उपयोगाचा होता. मधल्या थरात दूध नासत नाही. डेअरीचे कॅन विहिरीत लटकू लागले. मग रविवारी न खपलेलं मटण आलं. मग लग्नात उरलेला भात. एका उन्हाळ्यात थोरला लेक मुंबईहून येईपर्यंत बन्सी तात्यांचं प्रेत दोन दिवस तिथंच सोडून ठेवलं होतं, कॅनच्या शेजारी. त्या आठवड्याचं दूधही डेअरीत गेलं.

सहादेवला बघायला येणारे कठड्यावर रेलायचे आणि बघता बघता थुंकायचे. गुटख्याच्या पिचकाऱ्याही खाली जाऊन मंदावत. पाचसहा वर्षांत सहादेवच्या टाचांवर, हवेत, लाल थुंकीचं दाट झुंबर लोंबू लागलं. कठड्याला जाळी बसवा, असा अर्ज सवितानं दिला.

"वहिनी, थुंकी त्याच्यापत्तूर पोचायला अजून धा वरीस हायेत," सरपंच श्रीमंत म्हणाला. "तवर दादांना छत्री पाठवा की."

लोक हसले. अर्ज दप्तरात गेला.

सहादेवच्या खाली काय आहे ते कधी दिसलं नाही. बॅटरीचा झोत त्याच्या कमरेपर्यंत जाऊन थिजायचा. पुढं अंधार होता आणि अंधारानंतर तळाचा खडक, एवढंच विहीर खोदणाऱ्यांच्या मापावरून माहीत होतं.

पाच वर्षांपूर्वी ओंकार सरांनी तारेचा फास शिशाचं वजन लावून खाली सोडला. तो यंदा घोट्यांभोवती बसला. सहादेवची बोटं तेव्हा तळापासून तीन हातांवर होती. ओढायला ग्रामसभेची मंजुरी हवी होती. चर्चा तासभर चालली. सहादेव खडकावर आपटला तर विहीर बाटेल, आणि बाटलेल्या विहिरीतलं दूध कोण घेणार, या एका मुद्द्यावर ती झाली. ठराव एकमतानं मंजूर झाला. सहादेवचा जीव वाचावा, असं वाक्य त्यात कुठंच नव्हतं. सवितानं ते घालायला सांगितलं.

"त्येच झालं की, वहिनी," श्रीमंत म्हणाला. "दूध वाचलं की त्योबी वाचतोच."

क्रेननं चार महिने ओढलं.

टाचांमागून पोटऱ्या आल्या, कंबर आली, पाठ आली. सहादेव कठड्यावर आला तेव्हा नखशिखांत लाल होता. रंगुबाईनं डोळ्यांवर पदर घेतला. पण ते रक्त नव्हतं. वर येताना तो त्या झुंबरातून ओढला गेला होता. सोळा वर्षांची थुंकी, अजून ओली, अजून कोमट. तंबाखूचा आणि किडक्या दातांचा वास मैदानभर पसरला. ज्यांची ती होती, तेच नाक दाबून मागं सरले. एकाला उलटी झाली. मागच्यांनी मोबाईल उंच धरले.

सवितानं त्याला मांडीवर घेतलं. पदरानं त्याचं तोंड पुसलं, नाकपुड्या मोकळ्या केल्या. तो अठ्ठावीस वर्षांचा होता. ती चाळिशी ओलांडलेली.

"बोला," ती म्हणाली. "माझ्यापायी मारली का उडी? व्हय तर व्हय म्हना. पन समद्यांना ऐकू जाऊ द्या."

सहादेवनं डोळे उघडले. तिच्याकडं पाहिलं. त्याला ती ओळखू आली नाही.

"मावशी, सोडा मला," तो धडपडत म्हणाला. "खाली पोर पडलीय. आत्ता बोटाला बोट लागलं हुतं तिचं."

दुपारी ओंकार सरांनी गणित मांडलं. तळ त्या पोरीपासून हातभर असावा, म्हणजे एक वर्ष. नवा फास तिथवर पोचायला पाच वर्षं लागतील. सोळा वर्षांपूर्वी मुलगी हरवल्याची तक्रार गावातून कोणीही दिलेली नाही. मंगळवारी संध्याकाळी सहा वाजेपर्यंत, ती आमची, असं म्हणायला कोणी पुढं आलेलं नव्हतं.