पुढारी कोण?

मनिलातल्या झोपडवस्तीमागची पडीक जागा पासिताने एकटीने साफ केली, पहिली वांगी तिनेच लावली. पण मागाहून आलेल्या रोवेनाची कारली मांडवभर लोंबली, जागा वाचवण्यासाठी काढलेल्या मोर्चात भोंगा तिच्या हाती गेला आणि टीव्हीवाल्यांनीही तिलाच दाखवलं. तिथे भाज्या लावणाऱ्या वस्तीतल्या बायका तिला ‘आमची पुढारी’ म्हणायच्या, तेव्हा पासिताचा जळफळाट व्हायचा. एके सकाळी जमीनमालकाची माणसं पोलीस घेऊन कुंपण घालायला आली. बायका वाफ्यांतच ठाण मांडून बसल्या. “पुढारी कोण?” फौजदार गरजला. सगळ्यांच्या नजरा रोवेनाकडे वळल्या आणि पासिताच्या अंगाचा तिळपापड झाला. ती ताडकन उठली. “मी! पहिलं रोप माझ्या हातचं आहे!” पोलिसांनी तिला गाडीत चढवलं. रोवेना धावत आली. “मावशींना सोडा, साहेब. पुढारी मी आहे!” तिलाही आत ढकललं. बाकावर सरकत पासिता फणकारली, “मेले, इथे तरी मला एकटीला बसू द्यायचंस!”