धापेसकट

तीन दिवस खपून ऋजुताने कुंदाताईंच्या ऑडिओबुकमधली एकूणएक धाप कापली होती. श्वासावरचं ताईंचं पुस्तक घरोघरी पोचलेलं. त्यांनाच वाचताना धाप लागते, हे कुणाला कळून चालणार नव्हतं.

हेडफोन लावून ताईंनी पहिलं प्रकरण ऐकलं. “ही बाई श्वास कधी घेते गं?”

ऋजुता ओशाळली. “प्रकाशकच म्हणाले, ताई. लोकांचा विश्वास उडेल.”

रेकॉर्डिंगच्या वेळी ताई ‘हात धुवून येते’ म्हणत सारख्या उठायच्या. आत्ताही त्या पर्स घेऊन दारापर्यंत गेल्या आणि तिथूनच परत फिरल्या.

“लहानपणापासून दमा आहे मला. एकेका श्वासासाठी झगडले, म्हणून तर त्यावर लिहू शकले. माझ्यासारख्या कुणी हे ऐकलं, तर म्हणेल, आपल्याला नाही बाई जमायचं. सगळ्या धापा परत घाल. आणि माइक चालू कर.”

माइकसमोर बसून त्यांनी पर्समधून इन्हेलर काढला आणि ऋजुताच्या देखत तोंडाला लावला. फुस्स आवाज झाला. ऋजुताचा हात सवयीने बटणाकडे गेला.

“थांबवू नकोस,” ताई म्हणाल्या. “पुस्तक इथूनच सुरू होतं.”